कोबाच्या पायरीवर तू बसलीस तेव्हा

नलू, मुक्ताला वाटतं आहे की तिनेच तुला मारलं.

तोंडाने असं ती म्हणत नाही. ती म्हणते, "मी ती ट्रिप बुक करायलाच नको होती, बाबा." सकाळी चहा पिताना म्हणते, तुझ्या साड्या कपाटातून काढून पलंगावर ठेवताना म्हणते. इंग्रजीत म्हणते, कारण आतलं काही निघालं की ही मुलगी इंग्रजीत शिरते, तुला ठाऊकच आहे. आपल्या लग्नाला पंचवीस वर्षं झाली म्हणून तिने आपल्याला टेक्सासला बोलावलं, तिथून मेक्सिकोला नेलं. तिथे तू उन्हात चाललीस, पायऱ्या चढलीस, आणि तीन महिन्यांनी कुवेतमधल्या अबू हलीफाच्या या फ्लॅटमध्ये ओट्यापाशी कोसळलीस. तिने त्या दोन गोष्टींची गाठ मारून टाकली आहे. मी समोर बसून बिस्किट चहात बुडवतो आणि म्हणतो, "तसं काही नसतं गं."

परवा तिने सरळच विचारलं, "तिकडे आईला काही त्रास झाला होता का?"

मी नाही म्हणालो.

हे तिसऱ्यांदा. पहिल्यांदा ड्यूटीवरच्या डॉक्टरांनी विचारलं तेव्हा नाही म्हणालो. दुसऱ्यांदा गावी, तुझ्या दादाने दहाव्याला नदीवरून परतताना विचारलं तेव्हा. दादाला तर मी वर सुनावलं, "माझं काम काय आहे ते तुम्हाला माहीत आहे ना? मला कळलं नसतं का?" तो पुढे चालू लागला. तुझा भाऊ तसा भोळाच.

उद्या शनिवारी मुक्ता परत जाणार. त्याआधी तिला एक गोष्ट सांगायची आहे. ती तोंडातून निघत नाही, म्हणून आधी तुला सांगतो आहे. ती गोष्ट तुला माहीत होती का, हे मात्र मला माहीत नाही. गेले एकवीस दिवस त्या एका प्रश्नाने माझा जीव चालला आहे, आणि उत्तर देणारं माणूसच घरात नाही.

मेक्सिकोतल्या त्या दिवशीचं सगळं आठवतंय मला. वाईट हेच, की सगळं आठवतंय.

मुक्ताची रजा दोनच दिवसांची होती. जाताना तिने हॉटेलच्या काउंटरवर आपली त्या सहलीसाठी नावं घातली. मायांचे अवशेष, मग नैसर्गिक विहिरीत पोहणं, मधे जेवण, संध्याकाळी परत. सकाळी सातला बस येणार होती आणि तू सहालाच लॉबीत जाऊन बसलीस. पर्समध्ये चिवडा, खोबऱ्याच्या वड्या, हळदकुंकवाची पुडी, माझ्या गोळ्या. तुझ्या स्वतःच्या गोळ्या नव्हत्याच कधी. तुला काही होतच नसे. घरात एकच पेशंट आणि तो मी, हे आपलं वर्षानुवर्षं ठरलेलं.

तो गाइड आठवतो? राउल. बुटका, सावळा, रुंद चेहऱ्याचा. तू म्हणालीस, "अहो, हा आपल्या बाजारातल्या वाण्यासारखा दिसतोय." तो स्वतः माया होता, आजी घरात अजून तीच भाषा बोलते म्हणाला. बसमध्ये माइक घेऊन तो सांगत होता की या सगळ्या मुलखात वर नदी अशी नाहीच. दगड सच्छिद्र, पाऊस पडला की थेट खाली. पाणी जमिनीखालून वाहतं, आणि जिथे वरचं छत कोसळतं तिथे विहीर उघडी पडते. तिला ते सेनोते म्हणतात. विहीर असेल तिथेच गाव बसायचं, आणि विहिरीत देव राहायचे. मी हे तुला मराठीत सांगत होतो आणि तू मध्येच म्हणालीस, "म्हणजे साती आसराच की. आमच्या विहिरीवर होत्या तशा." पुढच्या सीटवरच्या गोऱ्या बाईने वळून पाहिलं, इतक्या मोठ्याने म्हणालीस.

वाटेत एका गावात बस थांबली. चुलीपाशी एक बाई मक्याच्या पिठाचे गोळे हातावर थापत होती. बाकीचे फोटो काढत होते. तू पर्स माझ्याकडे दिलीस, तिच्या शेजारी उकिडवी बसलीस आणि एक गोळा उचललास. तुला स्पॅनिश येत नव्हतं, तिला मराठी. तू भाकरी थापून तव्यावर टाकलीस तेव्हा ती तोंडाला पदर लावल्यासारखा हात लावून हसली, आणि तिच्या सासूने, म्हणजे सासूच असणार, आतून येऊन तुझी भाकरी उलटून पाहिली. मग मान हलवली. पास झालीस म्हणून दिवसभर मिरवत होतीस. मला तेव्हा तुझा अभिमान वाटला होता. बोललो मात्र, "चला आता, बस तुझ्यासाठी थांबलीय." असंच बोलतो मी. अभिमान वाटला की माझ्या तोंडून घड्याळ निघतं.

कोबाला, त्या अवशेषांच्या ठिकाणी, उतरलो. जंगलातून आत दोन किलोमीटर चालत जायचं होतं. तिथे तीनचाकी सायकली होत्या, पुढे दोघांची बैठक आणि मागे पॅडल मारणारा. तू म्हणालीस, "बसू या का यात?"

मी म्हणालो, "चालायला काय झालं? कुवेतमध्ये दारातून गाडीत आणि गाडीतून दारात. जरा पाय हलव."

तू चाललीस. मी पुढे, तू मागे. तू दोनदा थांबलीस. पहिल्यांदा झाड बघत होतीस म्हणालीस. दुसऱ्यांदा काही म्हणाली नाहीस. मी वळून "ये लवकर" म्हटलं. वजन वाढलंय, तूप कमी कर, रोज समुद्रावर अर्धा तास चाल, हे माझं कीर्तन सगळ्या वाटेभर चालू होतं. रोज तीसचाळीस छातींवर ईसीजीच्या तारा चिकटवणारा माणूस मी, मला बोलायचा अधिकार होता ना.

मग तो मनोरा. झाडांच्या वर गेलेला, उभा चढ, झिजलेले दगड, मधोमध वरपासून खालपर्यंत जाड दोर. एकशे वीस पायऱ्या आहेत, राउल म्हणाला, ज्यांना चढायचं ते चढा, बाकीच्यांनी सावलीत बसा. मी तुला विचारलं का? नाही विचारलं. मी दोर धरून चढायला लागलो आणि तू माझ्या मागे आलीस, कारण तू नेहमीच माझ्या मागे आलीस. युद्धानंतर कुवेतमध्ये तेलाच्या विहिरी जळल्याचा धूर नुकता विझला होता तेव्हा मी आलो, मिरकाबमध्ये पाच जणांच्या खोलीत राहिलो, आणि वर्षभराने तू मुक्ताचं बोट धरून मागे आलीस. गाव सोडायचं तुझ्या मनात नव्हतं, पण त्यावर आपण कधी धड भांडलोही नाही.

पस्तीसचाळीस पायऱ्या झाल्या असतील. मागून तुझा आवाज आला, "अहो, तुम्ही जा वर. मी बसते इथेच."

मी म्हटलं, "काय झालं?"

"काही नाही. हात दुखतोय जरा. पर्स जड झालीय."

"मग दुसऱ्या हातात घे."

असं म्हणालो मी, नलू. दुसऱ्या हातात घे म्हणालो.

आणखी दहाबारा पायऱ्या चढून मी खाली पाहिलं. तू पायरीवर आडवी बसली होतीस, एक पाय खालच्या पायरीवर. पर्स तुझ्या मांडीवर होती, म्हणजे हातात ओझं नव्हतंच. उजव्या हाताने तू डावा दंड चोळत होतीस, कोपरापासून खांद्याकडे, खांद्यापासून जबड्याकडे. तुझा चेहरा राखेसारखा झाला होता आणि केसांच्या कडेने घाम, असा घाम की जो उन्हाचा नसतो. उन्हाचा घाम मला कुवेतमध्ये काय कमी बघायला मिळतो? पंधरासोळा वर्षं मी असे चेहरे पाहतो आहे. माणूस दारातून आत येतो आणि तारा लावायच्या आधीच मला कळतं की याची पट्टी डॉक्टरांकडे धावत न्यायची आहे.

मला कळलं.

हेच सांगायचं आहे. लक्षात आलं नाही असं झालं असतं तर लोकांनी म्हटलं असतं, दिव्याखाली अंधार, चालायचंच. मुक्तानेही माफ केलं असतं. पण अंधार नव्हता. मला स्वच्छ दिसलं, आणि डोक्यात ते शब्दसुद्धा उमटले, इंग्रजीत, जसे रिपोर्टवर असतात तसे. दोन श्वास, फार तर तीन. मग मी मान फिरवली आणि वर चढायला लागलो.

का?

एकवीस दिवस हा प्रश्न मी स्वतःला विचारतो आहे आणि दरवेळी मोठं काहीतरी कारण शोधतो. परका मुलुख, दवाखाना कुठे, विमा नाही, मुक्ता घाबरेल. नंतर ही कारणं सुचली. त्या क्षणी यातलं एकही नव्हतं. त्या क्षणी मला वर जायचं होतं, एवढंच. दवाखान्यातल्या माझ्या खोलीला खिडकी नाही, नलू. सकाळी सात ते दोन मी ट्यूबलाइटखाली उभा असतो, "झोपा, हलू नका, खलास, उठा" असं अरबीत म्हणत. पंचवीस वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी मला सहलीला पाठवलं होतं आणि पासष्टसत्तर पायऱ्या उरल्या होत्या. वाटलं, दहा मिनिटं. दहा मिनिटांनी बघू.

वर गेलो. आणि फार सुंदर होतं गं. हेही तुझ्यापासून लपवत नाही. चारी बाजूंना जंगल, कुठेही घर नाही, मधे एक तळं, आणि वारा. मी तिथे उभा राहून मोठ्याने हसलो. एका जपानी माणसाला कॅमेरा देऊन स्वतःचा फोटो काढून घेतला. दहा मिनिटं म्हणत वीस थांबलो.

खाली आलो तोवर राउलने तुला सावलीत नेलं होतं. तो आपल्या टोपीने तुला वारा घालत होता आणि तू त्याला मराठीत सांगत होतीस, "राहू दे रे बाबा, मी बरी आहे." मला बाजूला घेऊन तो म्हणाला, "सर, युअर वाइफ, शी इज नॉट गुड. माय मदर, सेम." त्याने छातीवर हात ठेवून दाखवला. हॉटेलवर फोन करू का म्हणाला, दुसरी गाडी मागवता येईल.

आणि मी हसलो. म्हणालो, "नो नो. लिटल फॅट. नो एक्सरसाइज."

तुला इंग्रजी तेवढं कळत होतं. तू माझ्याकडे पाहिलंस. रागावून नाही पाहिलंस. तू नुसतं पाहिलंस, मग पर्स उघडून मला खोबऱ्याची वडी दिलीस, "दमला असाल" म्हणून. त्या नजरेत काय होतं, ते मला सांगायला तू आता येणार नाहीस. तुला कळलं होतं का, की मला कळलं आहे? तू मला वाचवत होतीस का? की खरंच तुला वाटलं, नवरा एवढा मशीनवाला आहे, तो हसतोय म्हणजे काळजीचं काही नाही? या दुसऱ्या विचाराने मी भिंतीवर डोकं आपटून घ्यावं अशी स्थिती होते. कारण माझ्या हसण्यावर तू विश्वास टाकला असशील तर मग मी तुझ्यापाशी नुसता उभाही राहू नये.

त्यानंतर सेनोते. दुपार कलली होती. जमिनीत एक भोक आणि त्यातून खाली उतरणारा गोल लाकडी जिना. उतरण्याआधी प्रत्येकाने नळाखाली उभं राहून अंगाचं क्रीम, केसांचं तेल धुऊन टाकायचं, पाण्यात काही मिसळू द्यायचं नाही असा नियम. तुझ्या केसांना सकाळीच चापून लावलेलं खोबरेल. तू चार वेळा डोकं धुतलंस तरी तो पहारेकरी बोटाने पुन्हा धुवा म्हणे. तू हसून हसून बेजार. हळदकुंकू पाण्यात टाकायला मनाई, तेव्हा तू जिन्यावरच हात जोडून विहिरीची परवानगी घेतलीस. तुझा रंग परत आला होता. मी स्वतःला म्हटलं, बघ, काही नव्हतं.

आणि मग तू पाण्यात शिरलीस. पंजाबी ड्रेस, वरून ते केशरी लाइफ जॅकेट. मी लाकडी फळीवर पाय सोडून बसलो, मला कुठे पोहता येतं. वाटलं होतं काठ धरून उभी राहशील. तू एक दीर्घ श्वास घेतलास आणि सरळ मधोमध गेलीस. हात कसे टाकत होतीस, पाण्याचा आवाजही होत नव्हता. जॅकेटची अडचण होते म्हणून पाठीवर वळलीस आणि छताकडे बघत तरंगत राहिलीस. वरून मुळ्या लोंबत होत्या, पाणी इतकं स्वच्छ की तळाचे दगड दिसत होते.

मी विचारलं, "तुला पोहता येतं?"

"आप्पांनी शिकवलं. पाठीला सुका भोपळा बांधून विहिरीत टाकलं होतं. सात वर्षांची असेन."

"कधी बोलली नाहीस ती."

"विचारलंत कधी?" तू म्हणालीस. टोमणा नव्हता तो. खरंच आठवून पाहत होतीस, मी कधी विचारलं होतं का ते.

सोळासतरा वर्षं आपण समुद्रासमोर राहिलो. रस्ता ओलांडला की पाणी. शुक्रवारी आपण त्या काठाने फिरायचो, तू चप्पल हातात घेऊन घोटाभर पाण्यातून, मी वरून सिमेंटच्या वाटेने, बूट घालून. तुला पोहायचं असेल असं माझ्या मनातही आलं नाही.

तू पाण्यातून विचारलंस, "तुम्ही वरून काय पाहिलंत? मला सांगा ना." आणि मी सांगितलं. जंगल, तळं, वारा, जपानी माणूस, सगळं रंगवून. तू ऐकत होतीस, मधे मधे हं म्हणत होतीस. पाण्यातून बाहेर येईपर्यंत मी तेच सांगत होतो. तुला खाली काय झालं होतं हे मी विचारलं नाही. ती शेवटची वेळ होती जेव्हा विचारलं असतं तर सोपं गेलं असतं. पुढे दर दिवसाने ते अवघड होत गेलं. कुवेतला आल्यावर "चल, तुझा एक ईसीजी काढू" असं म्हटलं असतं तर तू म्हणाली असतीस, "का?" त्या का-चं उत्तर मला द्यावं लागलं असतं. त्या उत्तराची लाज वाटत होती म्हणून मी तुझा ईसीजी काढला नाही. असं लिहिलं की किती क्षुल्लक दिसतं. एवढ्याशा लाजेपायी माणूस गेलं.

आणि तरी तू मला एक संधी आणखी दिलीस. इथल्या मराठी मंडळाचं आरोग्य शिबिर, फेब्रुवारीतलं. कोकणातून आलेले सुतार, गवंडी, वेल्डर, डॉक्टरकडे म्हणून कधी न जाणारे, त्यांच्यासाठी दरवर्षी मी मशीन मागून आणायचो. तू म्हणायचीस, लष्करच्या भाकऱ्या भाजायची भारी हौस यांना, आणि पहाटे उठून शंभर माणसांचा शिरा तूच करायचीस. दुपारी एकच्या सुमाराला मी मान वर केली तर रांगेच्या शेवटी तू उभी. हात पुसत, कपाळावर पिठाचा डाग.

मी म्हटलं, "तू काय इथे?"

"काढा की माझाही एकदा. दाढेपासून कळ येते हल्ली अधूनमधून. दातवाला म्हणतो दात ठीक आहे."

सगळे बघत होते. आपल्याकडे पंगतीला घरचे शेवटी बसतात. यजमानाची बायको आधी पानावर बसली तर लोक काय म्हणतील, हे हाडात मुरलेलं. तुझ्या मागे आणखी सहासात जण येऊन उभे राहिले होते. मी म्हणालो, "यांचं होऊ दे. घरची माणसं मागाहून." तुलाही ते पटलं. तू लगेच बाजूला झालीस, त्या सुतारांना म्हणालीसही, "या, या, तुम्ही या पुढे, मी काय घरचीच." त्यातला शेवटचा उठला तेव्हा मशीनमधला कागद संपला होता.

मला हायसं वाटलं. हे कुणाला सांगू? कागद संपला तेव्हा मला हायसं वाटलं.

तुझी पट्टी निघाली ती एप्रिलमध्ये, माझ्याच खोलीत. शेजारच्या मल्याळी वहिनींनी अँब्युलन्स बोलावली होती. मी एका म्हाताऱ्या शेखांच्या छातीवर तारा लावत होतो, त्यांना सांगत होतो की हलू नका. जॉर्जने मला खोलीतून बाहेर काढलं. आम्ही दोघं इतकी वर्षं शेजारी काम करतो, त्याने मला कधी हात लावला नव्हता, त्या दिवशी दोन्ही खांदे धरून बाहेर ढकललं. माणूस गेल्यावरही पट्टी काढावी लागते, कागदपत्रांसाठी. तुझी पहिली आणि शेवटची. जॉर्जने काढली. मी दाराच्या काचेतून पाहिलं. कागद सरकत होता आणि त्यावर काही येत नव्हतं.

नलू, मी कुणाची क्षमा मागू? देवाची मागून उपयोग नाही, तो त्या पायरीवर नव्हता. तुझीच मागायला हवी आणि तू असतीस तर मला माहीत आहे तू काय केलं असतंस. "झालं ते झालं, जेवून घ्या" म्हणाली असतीस. तुझी ती सवयच मला भोवली. तू दर वेळी जेवून घ्या म्हणत गेलीस आणि मी जेवत गेलो. एकदा तरी ताट फेकून द्यायला हवं होतंस. त्या पायरीवर बसून एकदा तरी ओरडायला हवं होतंस, माणसं गोळा करायला हवी होतीस. पाहा, अजूनही मी तुझ्यावरच ढकलतो आहे.

एवढं लिहून मी थांबलो. माझा बेत काय होता ते सांगतो. हे कागद मुक्ताच्या उशीवर ठेवायचे आणि नमाजाची बांग होण्याआधी बाहेर पडायचं, समुद्रावर जाऊन बसायचं, तिचं वाचून होईपर्यंत. उठून तिच्या खोलीकडे गेलो आणि दारातच लक्षात आलं की तिला मराठी वाचता येत नाही. अक्षरं ओळखते, दुकानावरची पाटी वाचते, पण हे एवढं नाही. तू किती मागे लागली होतीस, रोज एक पान लिहायला बसवा तिला, आणि मी म्हणायचो, इंग्रजी शाळेचा अभ्यास काय कमी आहे. तेव्हा कागद ठेवून पळून जाता येणार नव्हतं. माझ्याच तोंडाने वाचावं लागणार होतं.

हे पुढचं नंतर लिहितो आहे.

सकाळी बाहेरच्या खोलीत ती जमिनीवर तुझ्या साड्या घेऊन बसली होती. मी म्हटलं, "मुक्ता, आईला एक पत्र लिहिलंय. वाचून दाखवू?" ती हो म्हणाली. मी उभ्यानेच वाचलं. "मुक्ताला वाटतं आहे की तिनेच तुला मारलं" इथेच तिने मान खाली घातली. राउलवर एकदा हसली. भाकरीवरही हसली. मग "मला कळलं" तिथे आलो आणि थांबलो. पाणी प्यायलो, पुन्हा वाचलं. पुढचं सगळं वाचलं, हायसं वाटलं तेही. एक शब्द गाळला नाही.

मांडीवरची साडी तिने बाजूला ठेवली. मग म्हणाली, "ते परत वाच. पायरीवरचं."

मी परत वाचलं.

"तुला माहीत होतं."

"हो."

"आणि मी रोज तुझ्यासमोर बसून बोलत होते. ट्रिपचं. रोज."

"हो."

ती मराठीत बोलत होती, नलू. इतकं सगळं मराठीत. ती माझ्याकडे पाहत होती तेव्हा मला वाटलं आता ओरडेल, काहीतरी फेकून मारेल, आणि मी तयार होतो. पण ती अगदी हळू, स्वतःलाच सांगितल्यासारखं म्हणाली, "म्हणजे मी नाही."

"नाही, बाळा. तू नाही."

मग ती रडली. तू गेल्यापासून पहिल्यांदा. गावी चितेपाशी नाही रडली, विमानतळावर नाही, आता रडली, तोंड तुझ्या जांभळ्या साडीत खुपसून. मी पुढे झालो तर तिने हात उंच केला, तिथेच थांब म्हणून. मी थांबलो. ती उठली, आपल्या खोलीत गेली.

तास होऊन गेला. आतून रडण्याचा आवाज येतो आहे, मधे थांबतो, पुन्हा येतो. तू असतीस तर केव्हाच आत गेली असतीस, मला बाजूला सारून. मला कसं जायचं ते कळत नाही. पाण्याचा तांब्या भरून शेजारी ठेवला आहे आणि तिच्या दाराबाहेर बसून हे लिहितो आहे. दार तिने नुसतं लोटलं आहे, आतून कडी लावलेली नाही.